दोनशे फूट पिवळी माती: नानांच्या प्रतिक्रियेला उत्तर

नाना, तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली, मग माझा मूळ लेख काढून तोही पुन्हा वाचला. ज्यांनी तो वाचला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. तापीच्या गाळावर लिहिताना मी म्हटलं होतं, की थरावर थर साचत जातात, वरच्या थरांच्या दाबाने खालचा गाळ घट्ट होतो आणि लाखो वर्षांनी त्याचा खडक बनतो. त्यावर यावल तालुक्यातल्या नानांनी लिहिलं, की त्यांच्या केळीच्या मळ्यात आजोबांनी दोनशे फूट विहीर खणली, वरपासून तळापर्यंत पिवळी माती आणि वाळू लागली, खडकाचा पत्ता नाही. ढासळू नये म्हणून सगळी विहीर बांधून काढावी लागली. दाबाने खडक होत असता तर तळाला सुरुंग लागले असते. दुसरं म्हणजे, खान्देशातला खडक हा लाव्हाचा काळा पाषाण, त्याचा गाळाशी संबंध काय? आणि तिसरं, “लाखो वर्षं” हे उत्तर नव्हे, ती पळवाट. शेवटी लिहिलंय, “पुस्तकातलं सांगू नका भो, विहिरीतलं सांगा.”

तर विहिरीपासूनच सुरू करतो.

पहिल्या मुद्द्यावर तुम्ही बरोबर आहात आणि माझं वाक्य चुकलेलं आहे. दोनशे फूट म्हणजे साठ मीटर. ओली माती घनमीटरला साधारण दोन टन भरते. म्हणजे तुमच्या विहिरीच्या तळाच्या पातळीला एका चौरस मीटरवर सव्वाशे टनांच्या आसपास ओझं आहे. भरलेले बारा ट्रक एकावर एक ठेवा, तेवढं. एवढ्या ओझ्याखालीही ती माती मातीच राहिली. कारण ओझ्याने एकच काम होतं: कण जवळ सरकतात आणि मधलं पाणी बाहेर ढकललं जातं. हतनूर धरणाचं पाणी ओसरल्यावर काठाच्या गाळात पाय टाकून बघा, पोटरीपर्यंत जातो. त्या ताज्या चिखलात आकारमानाच्या सत्तर-ऐंशी टक्के पाणीच असतं. किलोमीटरभर खोल गाडला गेला तर ते तीस टक्क्यांच्या आसपास येतं. चिखल पुष्कळ दबतो. वाळू तशी दबत नाही. तिचे कण एकमेकांना टेकले की टेकले. सुरुवातीला चाळीस टक्के पोकळी असेल, तर नुसत्या दाबाने दोन-तीन किलोमीटर खोलीवरही पंचवीस-तीस टक्के शिल्लक राहते.

तेलविहिरींमधला अनुभवही हाच आहे. पुष्कळ ठिकाणी किलोमीटर-दीड किलोमीटर खोलीवरून तेलाबरोबर सुटी वाळू वर येते. ती अडवायला तिथे जाळीचे पाईप घालतात. तुमच्या ट्यूबवेलला जो जाळीचा पाईप आणि भोवती बारीक गोटे टाकलेत, त्याच कामासाठी. दीड किलोमीटरचं ओझं आणि वाळू अजून सुटी! ही गोष्ट मला माहीत होती, तरीही लेखात ते सोपं वाक्य मी लिहून गेलो. शाळेत शिकलेलं वाक्य हाताला पटकन येतं, त्याचा हा परिणाम.

मग खडक होतो कशाने? वाळू-गोट्यांचा होतो तो मुख्यतः पाण्याने. पाण्यात विरघळलेल्या द्रव्याने.

तुमच्याच मळ्यातलं सांगतो. ड्रिपच्या नळ्या दोन हंगाम वापरल्या की ड्रिपर चोक होतात. नळी कापून आत पाहिलं तर भिंतीला पांढुरका, खरखरीत थर दिसतो, ड्रिपरच्या अरुंद वाटेत तर तो गच्च बसलेला असतो. नखाने निघत नाही. मग आम्लप्रक्रिया करावी लागते. पाणी ट्यूबवेलमधून आलं तेव्हा नितळ होतं, गाळून घेतलेलं होतं. तरी दगड आला कुठून? तो पाण्यातच विरघळलेला होता, बायकार्बोनेटच्या रूपात. पाणी जमिनीतून वर आलं, उन्हाने तापलं, त्यातला कार्बन डायऑक्साइड उडाला, ड्रिपरच्या तोंडाशी थोडं पाणी सुकलं आणि चुना सुटून बसला. रसायनशास्त्रात त्याला कॅल्शियम कार्बोनेट म्हणतात, खनिज म्हणून नाव कॅल्साइट.

आता ड्रिपरच्या जागी वाळूच्या दोन कणांमधली फट धरा. तिथे तेच होतं. पाणी जातं, कणाच्या अंगावर कॅल्साइटचा पातळ लेप राहतो. पुन्हा पाणी, पुन्हा लेप. दोन कणांचे लेप एकमेकांना भिडले की ते कण जखडले. फट पूर्ण भरली की वालुकाश्म तयार. एकदा पाणी जाऊन हे होत नाही, कारण पाण्यात चुना असतोच किती! एकेका फटीतून पाणी हजारो वेळा बदलून जावं लागतं. म्हणून जिथून पाणी वाहतं तिथेच खडक होतो. शेजारचा, पाणी न फिरलेला थर तसाच सुटा राहतो.

गाळ साचल्यापासून त्याचा खडक होईपर्यंत आणि नंतरही त्यात जे बदल होतात, त्या सगळ्यांना मिळून डायजेनेसिस म्हणतात. १८६८ मध्ये जर्मन भूवैज्ञानिक कार्ल विल्हेल्म फोन ग्युम्बेल यांनी हा शब्द वापरात आणला. दबणं हा त्यातला एक भाग, सांधलं जाणं दुसरा. शिवाय जुने कण विरघळणं, एका खनिजाच्या जागी दुसरं येणं, हेही त्यातच. तापमान दीडशे-दोनशे अंशांच्या पुढे गेलं की मग खडकाचं रूपांतरण सुरू होतं, तो वेगळा प्रांत.

विहिरीतलं सांगा म्हणालात, तर मी तुम्हालाच उलट विचारतो. ट्यूबवेल करताना जो राडा बाहेर पडला, त्यात पांढरट, वाटाण्यापासून बोरापर्यंतचे वेडेवाकडे खडे होते का? मला वाटतं, नक्की असतील. आपल्याकडे चुनखडीचे खडे म्हणतात ते. पूर्वी असे खडे वेचून भट्टीत भाजायचे आणि घाण्यात मळून बांधकामाचा चुना करायचे.

तापीच्या काठाला पावसाने ज्या घळी पाडल्यात, त्यातल्या एका घळीत मी मागच्या उन्हाळ्यात गेलो होतो. दरड दोन पुरुष उंच, पिवळी, बोटाने टोकरली तर पीठ पडावं अशी. पण मध्येच कमरेच्या उंचीला एक हातभर जाडीचा पट्टा या खड्यांनी भरलेला होता आणि पावसाने आजूबाजूची माती नेल्यामुळे ते दातासारखे बाहेर आले होते. एक काढून दगडावर फोडला. आत राखाडी, घट्ट, मध्ये काळे ठिपके, ते मँगनीजचे. आणि बरोबर मधोमध काडीएवढं भोक. कधीकाळी तिथे गवताचं नाहीतर झुडपाचं मूळ होतं. मुळाने पाणी ओढलं, भोवती चुना राहिला, मूळ कुजून गेलं आणि त्याची नळी राहिली. घरी आणून खड्याचा चुरा केला आणि त्यावर व्हिनेगर टाकलं, तर सरसरून फेस आला. चुरा धुतल्यावर तळाला जे उरलं ती होती मूळची पिवळी माती, चिमूटभर. म्हणजे तो खडा बाहेरून येऊन पडलेला नव्हता. त्याच गाळाच्या मुठीभर भागाचा तिथल्या तिथे दगड झाला होता.

नाना, हे अश्मीभवन आहे. सुरुवातीचं, अर्धवट, पण तेच. आणि ते साठ मीटर ओझ्याखाली झालेलं नाही, मुळांच्या पातळीला, जमिनीपासून हात-दोन हातांवर झालंय. पांझरा, गिरणा यांच्यासारख्या नद्यांच्या काठाला याची पुढची पायरीही दिसते. जुन्या पुरांनी टाकलेले गोटे आणि वाळू चुन्याने असे सांधलेले असतात, की हातोडा मारला तर कधी कधी सांधा सुटायच्या आधी गोटाच फुटतो. त्याला पिंडाश्म म्हणायला हरकत नाही.

इथे तुमचा दुसरा मुद्दा येतो, काळ्या पाषाणाचा. त्याबाबतीत मात्र मी तुमच्याशी सहमत नाही. हा चुना आला कुठून? सातपुडा आणि अजिंठ्याचे डोंगर, दोन्हींकडचा बेसाल्ट, म्हणजेच तुमचा काळा पाषाण. साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हा. त्याच्या खनिजांत कॅल्शियम भरपूर. पावसाचं पाणी मातीतून झिरपताना मुळांनी सोडलेला कार्बन डायऑक्साइड घेतं, किंचित आंबट होतं आणि ते कॅल्शियम सोडवून खाली आणतं. कोकणात पाऊस इतका की ते समुद्रापर्यंत धुऊन जातं. आपल्याकडे जळगावला पाऊस सातशे मिलिमीटरच्या आसपास आणि उन्हाळा पंचेचाळीस अंशांचा. पाणी मध्येच सुकतं, चुना जमिनीत अडकतो. काळा पाषाण झिजतो म्हणून पिवळ्या मातीत पांढरे खडे होतात. संबंध असा सरळ आहे.

शिवाय त्या पाषाणातही पाण्याने हेच काम केलंय. विहीर खणणारे ज्याला मांजऱ्या म्हणतात, तो पांढऱ्या ठिपक्यांचा खडक आठवा. लाव्हातल्या वायूंचे बुडबुडे राहिले, पुढे त्यात पाणी फिरलं आणि झिओलाइट, गारगोटी, कॅल्साइट या खनिजांनी ते भरले. जळगाव जिल्ह्यातल्या खाणींत मिळणारे स्टिल्बाइट, अपोफिलाइटचे स्फटिक जगभरच्या संग्रहालयांत आहेत. ते या बुडबुड्यांतलेच. बेसाल्ट गाळाचा खडक नाही, पण पोकळी भरण्याची रीत तीच.

राहिला काळाचा मुद्दा. “लाखो वर्षं ही पळवाट” या तुमच्या वाक्याने मला सगळ्यात जास्त विचार करायला लावलं. कारण ते बऱ्याच अंशी खरं आहे. नुसता काळ काही करत नाही. रशियात सेंट पीटर्सबर्गजवळ निळसर मातीचा एक थर आहे, पन्नास कोटी वर्षांहून जुना. आपल्या काळ्या पाषाणाच्या किती तरी आधीचा. आणि ती माती आजही ओली करून हाताने मळता येते. कारण ती कधी फार खोल गाडलीच गेली नाही. उलट आपल्या कोकण किनाऱ्यावर, रत्नागिरीकडे, वाळू आणि शिंपल्यांचा चुरा चुन्याने बांधला जाऊन तयार झालेला दगड आहे, त्याला तिथे करल म्हणतात. त्याचं वय काही हजार वर्षं. जगात काही किनाऱ्यांवर तर अशा खडकात काचेच्या बाटल्यांचे तुकडे अडकलेले सापडलेत, म्हणजे तो शे-दोनशे वर्षांतलाच. आपल्या जिल्ह्यात पाटण्याच्या उत्खननात शहामृगाच्या अंड्यांच्या कवचाचे तुकडे मिळाले, काहींवर माणसाने कोरलेली नक्षी, सुमारे पंचवीस हजार वर्षांपूर्वीची. ते ज्या थरातून निघाले तो थर कुदळीने खणता आला. पंचवीस हजार वर्षं झाली म्हणून काही त्याचा खडक झाला नाही.

मग “तापीच्या गाळाचा उद्या खडक होईल” असं जे मी लिहिलं, त्याचं काय? तेही घाईचं होतं. तुमच्या विहिरीतला गाळ जिथे आहे तिथेच राहिला, तर त्याच्या तळालाही उष्णता फारशी नाही. जमिनीत किलोमीटरला पंचवीस-तीस अंशांनी तापमान वाढतं, म्हणजे साठ मीटरला जेमतेम दोन अंश. चुन्याचा सांधा थंडीतही बसतो, पण वाळूच्या कणांवर गारेचाच (म्हणजे क्वार्ट्झचा) सांधा बसायला, ज्याने वालुकाश्म खरा कणखर होतो, सत्तर-ऐंशी अंश तरी लागतात. ती खोली दोन-तीन किलोमीटरची.

तशी खोली तापीच्या दुसऱ्या टोकाला आहे. मुलताईपासून सव्वासातशे किलोमीटर वाहून ती सुरतेपाशी समुद्राला मिळते. तिथल्या खंबातच्या खोऱ्यात जमीन कोट्यवधी वर्षं खचत आली आणि नद्या ती भरत आल्या. काही किलोमीटर जाडीचे थर आहेत तिथे. १९६० मध्ये अंकलेश्वरला तेल लागलं ते याच खोऱ्यात. आपली कपाशीची काळी माती, उन्हाळ्यात जिला हात जाईल एवढ्या भेगा पडतात, तिच्यातलं स्मेक्टाइट नावाचं खनिज पाणी पिऊन फुगतं आणि सुकलं की आकसतं. तीच माती खोल गाडली गेली आणि तापमान शंभर अंशांच्या आसपास पोचलं, की स्मेक्टाइट पोटातलं पाणी सोडून देतं आणि त्याचं हळूहळू इलाइट हे दुसरं खनिज होतं. मग ती फुगत नाही, भेगाळत नाही, पापुद्र्यापापुद्र्यांचा शेल नावाचा खडक होतो. पावसाळ्यात बुटाला चिकटून दोन-दोन किलोची होणारी माती आणि पाटीसारखा फुटणारा शेल, दोन्ही एकाच वाटेवरचे आहेत हे मला प्रथम कळलं तेव्हा मी कितीतरी दिवस वाटेतली ढेकळं उचलून बघत होतो. आता मात्र तापीच्या वाटेवर १९७२ पासून उकाई धरण आहे, तेव्हा खान्देशातला बराच गाळ समुद्राआधी तिथेच थांबतो.

मूळ लेखातलं वाक्य मी आज बदललं आहे आणि तिथे तुमच्या विहिरीचा उल्लेख केला आहे, गावाचं नाव न देता.

एक विनंती आहे. तुम्ही लिहिलंय की दिवाळीनंतर नवी ट्यूबवेल घेणार आहात. बोअरची गाडी लागेल तेव्हा दर दहा फुटांना निघणाऱ्या मातीची मूठभर पुडी बांधून वर फूट लिहून ठेवाल का? पांढरे खडे कोणत्या फुटाला येतात, कुठे थांबतात, पुन्हा कुठे लागतात, हे मला बघायचं आहे. एकापेक्षा जास्त पट्टे लागले, तर तेवढ्या वेळा तिथे नदीने गाळ टाकायचं थांबवलं, गवत उगवलं आणि जमीन उघडी राहिली असा त्याचा अर्थ लावता येईल. पुड्या न्यायला मी येईन. व्हिनेगरची बाटली माझ्याकडे आहे.