रिळं आहेत, पण ती माळ्यावर

मुंबईहून कोकणच्या बंदरांकडे जाणाऱ्या जुन्या प्रवासी बोटींबद्दलच्या तुमच्या लेखात ‘कोकणच्या बोटसेवेचं चित्रीकरण उरलेलंच नाही’ असं वाक्य आहे, ते मला अजिबात पटलं नाही. फिल्म्स डिव्हिजन या पूर्वीच्या सरकारी माहितीपट संस्थेच्या आणि पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या याद्या चाळल्या की शोध संपला, असं बरेच दिग्दर्शक धरून चालतात. त्या यादीत ‘मालवण’ किंवा ‘वेंगुर्ला’ असं नाव असेलच असं नाही. ‘मासेमारी’, ‘बंदर’ अशा शब्दांनीही शोधायला हवं. आणि लोकांच्या घरांत पडलेली रिळं? मी मालवणात जुनी रिळं, कॅसेट डिजिटल करून देतो. एका चाकरमान्याच्या सुपर ८ (घरगुती कॅमेऱ्याच्या छोट्या फिल्मच्या) रिळात बोटीतून पडावात, म्हणजे किनाऱ्यावर नेणाऱ्या लहान होडीत, उतरणारी माणसं स्पष्ट दिसतात. नऊवारीतली एक म्हातारी आधी पिशवी खाली देते, मग स्वतः उतरते. असं दृश्य विकत कुठे मिळणार?

पण घाई करायला हवी. इथल्या दमट हवेत कॅसेटच्या कडेला पांढरी बुरशी धरते. अशी कॅसेट कृपा करून प्लेअरमध्ये घालू नका. टेप खराब होते आणि प्लेअरच्या हेडला (टेप वाचणाऱ्या भागाला) लागलेली बुरशी पुढच्या कॅसेटलाही लागते. आणि निर्मात्यांनो, रीळ हाती आलं म्हणजे वापरायचा हक्क मिळाला असं होत नाही. चित्रीकरण करणाऱ्याची किंवा त्याच्या वारसांची लेखी परवानगी घ्या, श्रेयनामावलीत त्यांचं नाव द्या.