परवानाची अक्षरे

नोरा टुमी यांच्या ‘द ब्रेडविनर’ (२०१७) या ॲनिमेशनपटावरील एका लेखात त्याची नायिका परवाना केस कापून मुलाचा वेश घेते, त्या प्रसंगाला तिच्या धैर्याचा कळस मानले आहे. मला मात्र तिचे खरे बळ तिच्या अक्षरओळखीत दिसते. युद्धात पाय गमावलेल्या शिक्षक वडिलांना तालिबानी पकडून नेतात, आणि मुलींना शाळा बंद असलेल्या त्याच काबूलच्या बाजारात ही अकरा वर्षांची पोर लोकांची पत्रे वाचून देते. रझाक या निरक्षर माणसाला त्याच्या पत्नीच्या मृत्यूची बातमी ती वाचून दाखवते, तेव्हा त्याच्या तोंडून शब्द फुटत नाही. पुढे तोच तिच्याकडून पत्नीचे नाव, ‘हाला’, वाचायला शिकतो. मला तर हा प्रसंग वडिलांना सोडवण्यासाठी ती तुरुंगाशी जाते, त्या तुरुंगाबाहेरच्या थरारापेक्षाही मोठा वाटतो.

कागदी कात्रणांसारख्या रंगीत शैलीत उलगडणारी, परवाना सांगत असलेली सुलेमान नावाच्या मुलाची गोष्टही केवळ विरंगुळा नाही, कारण घरात ज्याचा उल्लेखही टाळला जातो त्या मृत भावाबद्दल परवाना तिच्या आधारानेच अखेर बोलू शकते. २०२१ पासून अफगाणिस्तानात सहावीपुढची शाळा मुलींना पुन्हा बंद आहे, म्हणून हा चित्रपट आपल्या मुलींबरोबर बसून अवश्य पाहावा, अशी माझी कळकळीची विनंती आहे.