बांदा आचेहचा तो फोटो आणि सोलापुरातली पोरं

सध्या सोलापुरातल्या सोसायट्यांच्या, नातेवाइकांच्या, माजी विद्यार्थ्यांच्या ग्रुपवर एक मेसेज फिरतोय. ‘पालकांनो, वेळीच जागे व्हा’ असा मथळा. वर एक फोटो: तळ्याच्या पाण्यात बसवलेली, डोकी भादरलेली तरुण पोरं आणि काठावर पोलीस. खाली पाच मुद्दे. एक, पंक, म्हणजे ते बंडखोर रॉक संगीत वाजवणारी-ऐकणारी पोरं, ही नशेबाजांची टोळी. दोन, डोक्यावरचा तुरा, साखळ्या, पिना ही हिटलरच्या माणसांची खूण. तीन, हे श्रीमंत गोऱ्या पोरांचं फॅड, आपल्या मातीशी त्याचा संबंध नाही. चार, यांना विचार नाही, राजकारण कळत नाही, फक्त तोडफोड कळते. आणि पाच, इंडोनेशियाच्या पोलिसांनी अशा पोरांना दहा दिवसांत सरळ केलं, आपल्याकडेही हेच व्हायला हवं. शेवटी हात जोडल्याची खूण आणि ‘किमान दहा पालकांना पाठवा’.

दहातला एक पालक म्हणजे माझे दाजी. ताईचा मुलगा अकरावीला आहे. दोन मित्रांबरोबर गिटार वाजवतो, कानाजवळचे केस बारीक करून मधले वाढवले होते, अंगात ‘बॅड ब्रेन्स’ लिहिलेला काळा टी-शर्ट. दाजींनी मेसेज वाचला आणि रविवारी सकाळी त्याला सलूनमध्ये नेऊन चमनगोटा करून आणला. पोरगं दोन दिवस खोलीबाहेर आलं नाही. मग ताईने तो मेसेज मला पाठवला आणि विचारलं, “यातलं खरं किती गं?” मी कॉलेजपासून हे संगीत ऐकत आलेय. म्हणून उत्तर देते. ताईला, दाजींना, आणि न वाचता पुढे ढकलणाऱ्या सगळ्यांना.

पाचवा मुद्दा आधी घेते, कारण नुकसान त्याने केलंय.

फोटो खरा आहे. तो इंडोनेशियातल्या आचेह प्रांताचा, डिसेंबर २०११चा आहे. जगभरच्या वृत्तसंस्थांनी ती बातमी दिली होती आणि ती आजही कोणालाही वाचता येते. मेसेज लिहिणाऱ्याने फोटो उचलला आणि बातमी टाकून दिली. बातमी अशी: १० डिसेंबरच्या रात्री बांदा आचेह शहरात पंक बँडचा कार्यक्रम चालू होता. कशासाठी? अनाथ मुलांसाठी पैसे गोळा करायला. पोलीस घुसले आणि साठहून अधिक जणांना उचललं. त्यांत मुलीही होत्या. सगळ्यांना पोलीस प्रशिक्षण शाळेत नेलं. मुलांची डोकी भादरली, मुलींचे केस कानापर्यंत कापले. अंगावरच्या साखळ्या, कानातल्या-नाकातल्या रिंगा काढून घेतल्या. ‘शुद्ध’ करायचं म्हणून तळ्यात उतरवलं. हातात टूथब्रश देऊन दात घासायला लावले, कवायत करून घेतली, प्रार्थना म्हणून घेतली. असे दहा दिवस.

आणि गुन्हा? एकावरही दाखल झाला नाही. पोलीसप्रमुखांचं म्हणणं एवढंच की आम्ही छळ करत नाही, पोरांना नैतिक मार्गावर आणतोय. उपमहापौरांनी तर पंक हा समाजाला जडलेला नवा आजार असल्याचं सांगितलं. म्हणजे अनाथांसाठी वर्गणी काढणाऱ्या पोरांना केवळ दिसण्यावरून उचललं, खटला नाही, वकील नाही, आणि केस कापून सोडलं. मेसेजमध्ये ‘नशेत सापडलेले’ असं लिहिलंय. ते कुठून आलं? बातमीत ते नाही. ते मेसेज लिहिणाऱ्याने घातलं आहे.

जगात कुठल्याही गावाने या गोष्टीला टाळ्या वाजवल्या असत्या तरी वाईट वाटलं असतं. पण सोलापूरने? ‘सेटलमेंट’ हे नाव आजही आपल्या पत्त्यांत आहे. रिक्षावाल्याला ‘सेटलमेंटला सोड’ म्हणतो तेव्हा ती काय जागा होती ते विसरलो का? इंग्रजांनी १८७१ साली गुन्हेगार जमाती कायदा केला. पारधी, कैकाडी, टकारी अशा कितीतरी जमाती त्यांनी जन्मानेच गुन्हेगार ठरवल्या. पुढे आपल्या शहरात तारेच्या कुंपणाआड त्यांची वसाहत केली. हजेरी द्यायची, परवानगीशिवाय बाहेर जायचं नाही, गिरणीत राबायचं, आणि या सगळ्याला सरकारी कागदावर ‘सुधारणा’ म्हणायचं. तो कायदा ३१ ऑगस्ट १९५२ला गेला. त्या वस्तीतल्या माणसाला आजही कुठे चोरी झाली की आधी चौकीत बोलावतात, हे आपल्यापैकी कितीजणांना माहीत नाही? माणूस काय करतो ते न बघता तो कसा दिसतो, कुठला आहे, यावरून त्याला ‘सुधारायला’ घ्यायचं, हा प्रकार या शहराने कितीतरी दशकं सोसलाय. त्या शहरात ‘आपल्याकडेही हेच व्हायला हवं’ असं लिहिताना हात कसा धजावला, हे मला खरंच कळत नाही. आणि आचेहमध्ये निदान परके पोलीस होते. आपल्याकडे ते काम बापाने केलं.

आता हिटलर. हा मुद्दा सगळ्यांत बाष्कळ आहे, पण लोकांना सगळ्यांत जास्त पटलेला दिसतो.

डोक्याच्या मधोमध केसांचा पट्टा ठेवायची पद्धत उत्तर अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांची. नाझींचा तिच्याशी काडीचा संबंध नाही. उलट १९४४च्या जूनमध्ये नॉर्मंडीत हिटलरच्या सैन्यावर विमानातून उड्या घ्यायला निघालेल्या अमेरिकी छत्रीधारी सैनिकांच्या एका तुकडीने डोक्यावर असेच पट्टे ठेवले होते. त्यांचे फोटो आहेत. हिटलरशी लढायला गेलेल्यांची केशरचना हिटलरची खूण कशी होते, हे मेसेजवाल्याने सांगावं.

पण अर्धसत्य आहे आणि ते गिळावं लागतं. लंडनच्या पहिल्या पंकांपैकी काहींनी, सेक्स पिस्टल्स या बँडचा सिड व्हिशस त्यांत आला, नाझी स्वस्तिक अंगावर घालून मिरवलं. युद्ध बघितलेल्या आई-बापांना चिडवायला केलं, असं त्याचं समर्थन दिलं जातं. मला ते समर्थन कधीच पटलं नाही. ज्यांची घरंच्या घरं त्या चिन्हाखाली मारली गेली, त्यांना ते बघून काय वाटलं असेल? पुढे स्क्रूड्रायव्हरसारखा बँड तर उघड वंशद्वेषी झाला. ब्रिटनमधल्या डोकी भादरून फिरणाऱ्या स्किनहेड टोळ्यांनी आपल्याकडून गेलेल्या लोकांना रस्त्यात गाठून मारलं, हेही खरं. ते लपवणार नाही.

पण त्या लोकांसमोर उभं कोण राहिलं? ऑगस्ट १९७६मध्ये एरिक क्लॅप्टन या बड्या रॉक गायकाने बर्मिंगहॅमच्या मंचावरून परदेशी लोकांना देशाबाहेर काढा अशी भाषा केली. त्याच्या निषेधातून ‘रॉक अगेन्स्ट रेसिझम’ ही चळवळ उभी राहिली. ३० एप्रिल १९७८ला ट्राफल्गर चौकातून व्हिक्टोरिया पार्कपर्यंत मोर्चा निघाला. ऐंशी हजार ते एक लाख माणसं होती असं म्हणतात. मंचावर द क्लॅश हा पंक बँड होता, स्टील पल्स हा काळ्या तरुणांचा रेगे, म्हणजे जमैकाच्या संगीताचा, बँड होता, आणि एक्स-रे स्पेक्सची पॉली स्टायरीन होती, जिचे वडील सोमाली. पंक आणि रेगे एका मंचावर, नॅशनल फ्रंट या वंशद्वेषी पक्षाच्या विरोधात. तो फ्रंट कोणाला हाकलायला निघाला होता? लंडनच्या साउथॉलमधल्या पंजाबी लोकांना, आपल्या लोकांना. २३ एप्रिल १९७९ला त्याच साउथॉलमध्ये फ्रंटच्या सभेविरुद्ध निदर्शनं करताना ब्लेअर पीच नावाचा शिक्षक डोक्यात फटका बसून गेला. फटका पोलिसानेच मारला असण्याची दाट शक्यता असल्याचं पोलिसांचा स्वतःचा अहवाल सांगतो. तो अहवाल बाहेर यायला २०१० उजाडलं.

अमेरिकेत सॅन फ्रान्सिस्कोच्या डेड केनेडीज या बँडने १९८१मध्ये एक रेकॉर्ड काढली. गाण्याच्या नावातच नाझी पंकांना शिवी घातलेली, आणि रेकॉर्डसोबत स्वस्तिकावर काट मारलेली दंडपट्टी फुकट. घाण आपल्या घरात शिरली तेव्हा त्यांनी ती स्वतः बाहेर काढायला घेतली.

आणि दाजी, तुमच्या मुलाच्या टी-शर्टवरचा बॅड ब्रेन्स हा बँड वॉशिंग्टनच्या काळ्या तरुणांचा आहे. हिटलरने त्यांना जगू दिलं नसतं.

नशेचं लवकर आटपते. सिड व्हिशस हेरॉइनने मेला, २ फेब्रुवारी १९७९ला, वय एकवीस. तो एकटाच नव्हता, मान्य. पण त्याच वॉशिंग्टनमध्ये १९८१ साली मायनर थ्रेट या बँडने दारू, सिगारेट, ड्रग्ज यांना नकार देणारं ‘स्ट्रेट एज’ हे गाणं केलं, आणि त्यातून जगभर निर्व्यसनी पंकांची एक अख्खी शाखा निघाली. हाताच्या मागे काळी फुली काढायची त्यांची पद्धत आहे. अल्पवयीन मुलांना बारमध्ये दारू देऊ नये म्हणून जी फुली काढत, तीच त्यांनी अभिमानाने मिरवली. भाच्याच्या वहीवर ती फुली आहे. दाजींना ती सैतानाची खूण वाटली होती!

‘श्रीमंत गोऱ्यांचं फॅड.’ लंडनच्या किंग्ज रोडवर सेक्स पिस्टल्सचा मॅनेजर मॅल्कम मॅक्लॅरेन आणि फॅशन डिझायनर व्हिव्हियन वेस्टवूड यांनी फाटक्या कपड्यांचा महागडा धंदा केला, एवढ्यापुरतं बरोबर. बाकी चूक. १९७६च्या ब्रिटनमध्ये बेकारी दहा लाखांच्या वर गेली होती, सरकार नाणेनिधीच्या दारात कर्जासाठी उभं होतं, आणि शाळा सोडलेल्या पोरांना पुढे काही दिसत नव्हतं. जुनी मिल, लक्ष्मी-विष्णू, नरसिंग गिरजी बंद पडताना बघितलेल्या शहराला हे मी समजावून सांगायला नको. गिरणीतल्या बापाचा पोरगा चौकात नुसता उभा राहतो तेव्हा त्याच्या पोटात काय चाललेलं असतं ते आपल्याला माहीत आहे. त्या पोरांनी तीन कॉर्ड शिकून बँड काढले. कपडे फाटले तर पिना लावल्या. मोठी मासिकं छापेनात म्हणून स्वतः पानं टाइप केली, झेरॉक्स काढून वाटली. आपल्याकडे साठच्या दशकात कवींनी सायक्लोस्टाइल करून अनियतकालिकं काढली ती याहून वेगळ्या कारणाने नव्हे: प्रस्थापित छापत नव्हते, आणि म्हणायचं तर खूप होतं.

राहिला ‘परकं आहे’ हा आक्षेप. १९७२मध्ये मुंबईत दलित पँथर उभी राहिली तेव्हा तिने नाव अमेरिकेतल्या काळ्या लोकांच्या ब्लॅक पँथर या संघटनेवरून घेतलं. म्हणून ती परकी झाली का? सोलापुरातल्या वस्त्यांत जाऊन विचारा. आणि गोऱ्यांचंच म्हणाल तर १९७९मध्ये लंडनमध्ये पाकिस्तानी वंशाच्या मुलांनी एलियन कल्चर नावाचा पंक बँड काढला होता. परक्या संस्कृतीचे लोक आपल्याला बुडवतील अशी भीती लोकांना वाटते, असं पुढे ब्रिटनच्या पंतप्रधान झालेल्या मार्गारेट थॅचर टीव्हीवर म्हणाल्या होत्या, त्याला ते उत्तर होतं. त्याच सुमारास वर्णभेदी कायद्याखालच्या जोहान्सबर्गमध्ये नॅशनल वेक या बँडमध्ये काळे आणि गोरे एकत्र वाजवत होते. तिथे नुसतं एकत्र वाजवणं म्हणजे पोलिसांना आमंत्रण.

मग ‘विचार नाही, राजकारण नाही’ हा मुद्दा उरतच नाही. तरी दोन गोष्टी सांगते. पूर्व जर्मनीत पंक पोरांच्या मागे श्टाझी ही गुप्त पोलीस यंत्रणा लागली होती. १९८३मध्ये नामेनलोस या बँडमधल्या मुलांना गाण्यांसाठी तुरुंगात टाकलं. ज्यांना विचार नाही त्यांच्यावर एवढी हेरगिरी कोणी करत नाही. म्यानमारमध्ये यांगूनच्या रिबेल रायट या बँडची पोरं लष्करशाहीविरुद्ध गायली आणि रस्त्यावरच्या लोकांना जेवण वाटत राहिली.

दुसरी गोष्ट इंडोनेशियाचीच. फेब्रुवारी २०२५मध्ये मध्य जावातल्या सुकातानी या दोघांच्या पंक बँडने पोलिसांच्या लाचखोरीवरचं गाणं मागे घेतलं. लायसन्स काढायचं, पैसे द्या. तक्रार द्यायची, पैसे द्या, असं ते गाणं. मुखवटे घालून गाणारे ते दोघे चेहरे उघडे करून व्हिडिओत पोलिसांची माफी मागताना दिसले. लोकांना ती माफी बघवली नाही. त्याच महिन्यात देशभर निघालेल्या विद्यार्थ्यांच्या मोर्चांत ते गाणं हजारो तोंडांनी म्हटलं गेलं, आणि पोलिसांना आम्ही टीकेच्या विरोधात नाही असा खुलासा करावा लागला. दाजींनी आचेहचा फोटो बघितलाय. आता त्यांनी मुलाला बोलावून हे गाणं त्याच्याबरोबर बसून ऐकावं. अर्थ तो सांगेल.