प्लंबरला फोन करू नका

सगळ्यात आधी घरातली गळती शोधा. असेलच कुठेतरी. बेसिनखाली, मोरीच्या भिंतीला, नाहीतर वरच्या मजल्यावरच्यांच्या कृपेने थेट पलंगावर. सापडली की प्लंबरला फोन करायचा मोह आवरायचा. खाली बादली ठेवायची, समोर कॅमेरा लावायचा आणि कोपऱ्यावर जाऊन चहा पिऊन यायचं. परत येईपर्यंत तुमच्या कारकिर्दीतला पहिला शॉट तयार झालेला असेल. कटिंग घेतलात तर शॉट आखूड पडेल, तेव्हा फुल घ्या. सोबत क्रीमरोलही चालेल.

ही माझी अक्कल नाही. तैवानच्या त्साय मिंग-ल्यांग या दिग्दर्शकाने तीस वर्षं हाच उद्योग केला आणि जगभरातून बक्षिसं घरी नेली. १९९२ साली आलेला त्याचा पहिला चित्रपट 'रेबेल्स ऑफ द निऑन गॉड'. त्यात तैपेईतल्या एका फ्लॅटमध्ये पाणी तुंबतं आणि तिथे राहणारा पोरगा त्याच पाण्यातून पचक पचक चालत जाऊन झोपतो. १९९७ च्या 'द रिव्हर'मध्ये बापाच्या खोलीचं छत गळतं. बाप वर जाऊन बघत नाही. तो प्लॅस्टिकचा कागद ताणून पाणी बाहेर सोडायची सोय करतो आणि त्याच्याखाली पडून राहतो. (आपल्याकडचे सोसायटीतले सभासद यापेक्षा वेगळं काय करतात?) अखेर एके रात्री आई वर चढते, तर वरच्या रिकाम्या घरात नळ उघडा राहिलेला. तोपर्यंत चित्रपट संपत आलेला असतो. आणि १९९८ च्या 'द होल'मध्ये एकदाचा प्लंबर येतो, तेव्हा काय होतं बघा. गळती शोधायला म्हणून तो वरच्या माणसाच्या घरात जमीन फोडतो आणि भोक तसंच ठेवून निघून जातो. खाली एक बाई, वर एक माणूस, मध्ये ते भोक, बाहेर न थांबणारा पाऊस आणि शहरभर एक साथ, जिच्यात माणसं झुरळांसारखी वागू लागतात. म्हणून म्हणतो, प्लंबर नको.

आता नट. ऑडिशन, वर्कशॉप, संवादफेक वगैरे भानगडीत पडू नका. एखाद्या व्हिडिओ गेमच्या पार्लरबाहेर जाऊन उभे राहा आणि जे पोरगं सगळ्यात कमी काम करत असेल त्याला उचला. १९९१ च्या सुमारास त्साय टीव्हीसाठी एक नाटक बसवत होता, तेव्हा त्याला ली कांग-शेंग असाच सापडला. सेटवर या मुलाला मान वळवायला सांगितली की ती वळेपर्यंत बाकीचे ताटकळायचे. जरा चारचौघांसारखं वाग, असं सांगून पाहिलं. मुलाने उत्तर दिलं त्याचा मथितार्थ असा की मी असाच आहे. एखाद्या व्यवहारी दिग्दर्शकाने तिथल्या तिथे दुसरा मुलगा घेतला असता. हा वेडा घरी जाऊन विचार करत बसला आणि मान किती वेगाने वळावी हे आपण कोण ठरवणार, अशा निष्कर्षाला आला. सगळा घोळ तिथे झाला. लोक ज्याला 'त्सायची शैली' म्हणून परिसंवाद घेतात, ते त्या मुलाचं मान वळवणं आहे.

तेव्हापासून त्याच्या प्रत्येक मोठ्या चित्रपटात हाच ली. कधी घड्याळं विकतो, कधी अस्थिकलश ठेवायचे कप्पे विकतो, कधी भर पावसात चौकात घरांच्या जाहिरातीचा फलक धरून उभा राहतो. पात्राचं नाव बहुतेक वेळा शिआओ-कांग, म्हणजे त्याचं स्वतःचंच लाडकं नाव. आईबाप तेच. मियाओ त्येन बाप, लू यी-चिंग आई. घरदेखील पुष्कळदा लीचं खरं राहतं घर. तुम्ही म्हणाल, हे तर डेली सोप झालं. तसंच म्हणा. फरक इतकाच की इथे कोणी कोणाला थप्पड मारत नाही आणि थप्पड तीन कोनांतून दिसत नाही.

एक पोटसूचना. नटाची मान आखडली तर त्याला डॉक्टरकडे जरूर न्या, पण कॅमेरा बरोबर घ्या. पहिल्या चित्रपटानंतर लीच्या मानेला खरोखरच दुखणं जडलं आणि ते महिनोन्‌महिने हटेना. त्यातून 'द रिव्हर' निघाला. पोराला सिनेमात प्रेत म्हणून घाण नदीत तरंगायला सांगतात, तो तरंगतो आणि मग त्याची मान वाकडी होते ती होतेच. पुढे दोन दशकांनी लीचं दुखणं पुन्हा उसळलं. उपचार चालू असताना कॅमेरा होताच, आणि त्या चित्रणातून २०२० साली 'डेज' उभा राहिला. पाठीवर शेक चाललाय, राख पडतेय, तो कळा सोसतोय आणि आपण बघतोय. एकाच माणसाची एकच मान बघायची, तीही तीस वर्षं! लग्नाच्या बायकोकडेही कोणी एवढं बघत नाही.

लेखकावर खर्च करू नका. २००३ चा 'गुडबाय, ड्रॅगन इन' जेमतेम ८२ मिनिटांचा आहे, आणि त्यात पहिलं वाक्य उच्चारलं जातं ते अर्धा चित्रपट संपल्यावर. तेही काय, तर या थिएटरात भुतं आहेत हे तुला ठाऊक आहे का. तैपेईच्या शेजारी योंगहमध्ये फू-ह नावाचं जुनं थिएटर होतं, ते बंद पडणार होतं. त्सायने आधी एका चित्रपटाचा प्रसंग तिथे घेतला होता. आता अशा वेळी आपण काय करतो? जुन्या आठवणींची पोस्ट टाकतो, खाली बदाम येतात, झालं. या गृहस्थाने ते थिएटरच भाड्याने घेतलं आणि त्यात शेवटचा खेळ लावला. पडद्यावर किंग हूचा १९६७ चा तलवारबाजीचा 'ड्रॅगन इन', आणि खुर्च्यांत त्याच चित्रपटातले दोन नट, मियाओ त्येन आणि शिह चुन, म्हातारे होऊन स्वतःची तरुणपणीची मारामारी बघत बसलेले.

हा चित्रपट दाखवायला मी एकदा चार जणांना घरी बोलावलं होतं. चिवडा केला होता, ती चूक झाली. शेवटाकडे एक शॉट आहे. खेळ संपलाय, दिवे लागलेत, लंगडणारी तिकीटवाली बाई रांगांमधून झाडत वर चढते, पलीकडून उतरते आणि दाराबाहेर जाते. तिच्या पायातल्या लोखंडी पट्ट्याची टकटक लांब जात बंद होते. मग नुसत्या लाल खुर्च्या. अर्ध्या मिनिटाने एका मित्राने रिमोट उचलून पाहिला. "अडकलंय का रे?" म्हटलं, चाललंय. तो उठून राउटरचा दिवा बघून आला. खुर्च्या होत्या तिथेच होत्या. दुसऱ्याने वाटीत हात घातला आणि पोह्याचा एक दाणा दाताखाली चिरडला, तर तिघांनी वळून त्याच्याकडे असं पाहिलं जणू तो स्मशानात शिंकला. त्यानंतर कोणी हललं नाही. शॉट संपला तेव्हा राउटरवाला म्हणाला, "आमच्या गावातलं थेटर असंच होतं." आणि पाणी प्यायला आत गेला, तो बराच वेळ आला नाही. तेव्हा अशा माणसांना बोलावू नका. मूड जातो.

आजी-आजोबा निवडताना मात्र काळजी घ्या. त्सायचा जन्म १९५७ चा, मलेशियातल्या सारावाकमधल्या कुचिंगचा, आणि त्याचे आजी-आजोबा सिनेमाचे इतके नादी की नातवाला घेऊन थिएटरातच पडलेले. तुमचे आजी-आजोबा शुभंकरोतीवर थांबले असतील तर तुमची अर्धी कारकीर्द तिथेच बुडाली, आता काही इलाज नाही. विसाव्या वर्षी तो शिकायला तैपेईला आला. पुढे तो स्वतः चित्रपट काढू लागेपर्यंत तिथल्या नव्या सिनेमाने बस्तान बसवलं होतं. दिग्दर्शक होउ शियाओ-शिएनने १९८९ साली व्हेनिस चित्रपट महोत्सवाचा 'गोल्डन लायन' आणला होता, एडवर्ड यांग शहराचे पदर उलगडत होता. त्यांच्या मागून आलेल्या याने १९९४ साली 'व्हिव्ह लामूर'साठी तोच लायन उचलला.

या 'व्हिव्ह लामूर'चा शेवट नीट पाठ करा, कारण पुढे तुम्हाला मुलाखतीत त्याबद्दल बोलावं लागेल. यांग क्वेइ-मेइ ही त्यातली घरं विकणारी बाई. दिवसभर रिकामे फ्लॅट दाखवते, लोकांना फोन करते, फलक लावते. पहाटे ती दाआन पार्कातून चालत जाते. पार्क तेव्हा पुरता झालेलाही नव्हता, सगळीकडे चिखल. ती बाकावर बसते आणि रडू लागते. सुमारे सहा मिनिटं रडते. मध्ये थांबते, सिगारेट पेटवते, आता आवरलं असं आपल्याला वाटतं, आणि पुन्हा रडू फुटतं. चित्रपट तिथे संपतो. संगीत नाही. समजूत घालायला कोणी येत नाही, रुमाल पुढे होत नाही. तुमच्या चित्रपटात असं कोणी रडलं तर दीड मिनिटाला व्हायोलिन सुरू करा, नाहीतर लोकांना खरंच वाईट वाटेल.

कलिंगडाचा उल्लेख राहिलाच. याच चित्रपटात ली एका कलिंगडाचं चुंबन घेतो आणि नंतर बोलिंगच्या चेंडूसारखं ते भिंतीवर सोडतो. २००५ च्या 'द वेवर्ड क्लाउड'मध्ये शहरात दुष्काळ पडतो, पाण्याऐवजी कलिंगडाचा रस प्या असं सांगितलं जातं, आणि पुढे कलिंगडाचं जे होतं ते कौटुंबिक वाचनात बसणारं नाही. त्यात झगमगीत गाणी आहेत, नाच आहेत. जन्मभर घसा कोरडा पडेपर्यंत मौन विकलं तेव्हा कोणी फिरकेना, आणि या चित्रपटाला मात्र तैवानात गर्दी लोटली. रसिक सगळीकडचे सारखेच.

धंद्याचं बोलू. तिकिटं स्वतः विका. त्साय आणि त्याचे नट रस्त्यावर, कॉलेजांत उभे राहून आपल्याच चित्रपटाची आगाऊ तिकिटं लोकांना विकत आलेत. हौशी नाटकाची तिकिटं शेजाऱ्यांच्या गळ्यात मारायचा आपला अनुभव इथे उपयोगी पडावा. फक्त हातात गोल्डन लायन असताना हे जमेल का, ते स्वतःला विचारा. तिकिटांनी भागलं नाही तर कॉफी विका, त्याने तीही विकली आहे. जन्मदेशात जाऊन क्वालालंपूरमधल्या परदेशी मजुरांवर चित्रपट काढा, म्हणजे तिथलं सेन्सॉर बंदी घालेल आणि मग कात्री लावून सोडेल. त्याच्या २००६ च्या चित्रपटाचं तसंच झालं. हे सगळं करून झालं की पॅरिसचं लूव्र संग्रहालय स्वतःच्या संग्रहासाठी तुमच्याकडून चित्रपट करून घेईल. २००९ चा 'फेस' तो. माझ्या मते त्याच्या चित्रपटांतला हा सगळ्यात जड. फ्रान्सच्या मोठमोठ्या नट्या आहेत, आरसे आहेत, बर्फ आहे. पण त्यातही आधी घरातला नळ फुटतो आणि ली एकटा त्या कारंज्याशी झुंजत राहतो. लूव्रपेक्षा मला तेच लक्षात राहिलं.

मग निवृत्ती जाहीर करा. २०१३ साली 'स्ट्रे डॉग्ज' घेऊन तो व्हेनिसला गेला आणि बास झालं म्हणाला. त्या चित्रपटाच्या शेवटाजवळ दोन माणसं एका पडक्या घरातल्या भिंतीवरच्या चित्राकडे बघत उभी राहतात. जवळजवळ १४ मिनिटं. एवढं झाल्यावर कोणीही निवृत्त होईल. पण आपल्याकडच्या पुढाऱ्यांप्रमाणे त्याचीही निवृत्ती सक्रिय निघाली.

त्याआधीपासूनच ली भगवी-लाल वस्त्रं घालून अनवाणी चालतोय. २०१२ साली हाँगकाँगमध्ये चालला, मग मार्सेय, टोकियो, २०२४ च्या चित्रपटात वॉशिंग्टन. पाऊल उचललं की खाली टेकेपर्यंत ट्रॅफिकचा सिग्नल बदलून जातो. ही कल्पना घेतली आहे ह्युएन त्संगवरून. हो, आपल्या इतिहासाच्या पुस्तकातला तोच, सातव्या शतकात दुसऱ्या पुलकेशीच्या काळी महाराष्ट्रात येऊन गेलेला, इथली माणसं उपकार विसरत नाहीत आणि अपमानही विसरत नाहीत असं लिहून ठेवणारा. आपण त्याला पाच मार्कांच्या टीपेत संपवला. लीच्या चालीने तो निघाला असता तर अजून खैबरखिंडीतच असता आणि आपल्याला गुण द्यायला कोणी उरलं नसतं. हाँगकाँगच्या गर्दीत लीच्या एका हातात प्लॅस्टिकची पिशवी आणि दुसऱ्या हातात बन होता. तो बन त्याने शेवटी खाल्ला. एवढी कथा आहे, फोडली म्हणून रागावू नका.

'डेज'मध्ये एक तरुण मसाज करणारा आहे. बँकॉकच्या हॉटेलातल्या खोलीत ली त्याला हाताने फिरवायची छोटी म्युझिक बॉक्स भेट देतो. दोघे खाली जाऊन जेवतात, आणि वेगळे होतात. नंतर रात्री तो तरुण रस्त्याकडेच्या बाकावर एकटा बसून ती पेटी फिरवतो. गाड्या जात राहतात, सूर अर्धेमुर्धेच पोचतात, तो पुन्हा फिरवतो. हे बघताना मागून टप टप असा आवाज ऐकू आला तर तो चित्रपटातला नाही. तुमची बादली भरली असेल. ओतून या आणि परत ठेवा.