गृहकर्ज : दहा वर्षांनंतर जादा रक्कम भरणं वाया जात नाही

‘वीस वर्षांच्या गृहकर्जाचं सगळं व्याज बँक पहिल्या दहा वर्षांतच वसूल करते, पुढे जादा पैसे भरून उपयोग नाही’ असा मेसेज फिरतोय. तो चुकीचा आहे. व्याज दरमहा शिल्लक मुद्दलावर लागतं. 50 लाख, 8.5 टक्के, 20 वर्षं धरा : हप्ता सुमारे 43,391. पहिल्या हप्त्यात व्याजच 35,417, त्यामुळे असा समज होणं साहजिक. पण दहा वर्षांनी जवळपास 35 लाख मुद्दल बाकी असतं आणि अजून 17 लाख व्याज जायचं असतं! तेव्हा 5 लाख भरून हप्ता तोच ठेवला, तर कर्ज साधारण दोन वर्षं आधी फिटतं. फ्लोटिंग म्हणजे बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार त्याला दंडही नाही. एक्सेलमध्ये स्वतः पडताळून बघा, आणि तो मेसेज कृपया पुढे पाठवू नका.