‘वजन वाढतंय ना? मग कसला ताण!’ : एका प्रतिक्रियेला उत्तर

टोपणनावाआडून लिहिणाऱ्या महोदयांस,

डुकरांच्या ताणावरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलंत: ‘पंख्याखाली बसून डुकरांचे अश्रू पुसणं सोपं असतं. जनावराचं वजन वाढतंय ना? मग कसला ताण! विण्याच्या पिंजऱ्यामुळे पिल्लं चिरडत नाहीत, हे लेखकाला ठाऊक नसावं. शेपट्या न कापता शंभर डुकरं सांभाळून दाखवा. आणि युरोपातली ती बंदी अर्धवट आहे.’

शेवटापासून सुरुवात करतो, कारण तिथे तुमचं बरोबर आहे. गाभण माद्यांना वळताही येणार नाही अशा पिंजऱ्यात ठेवायला युरोपीय संघात 1 जानेवारी 2013 पासून बंदी आहे, असं मी सरसकट लिहून गेलो. फळवल्यानंतरचे पहिले 4 आठवडे आणि विण्याआधीचा शेवटचा आठवडा त्यातून वगळलेला आहे. चूक माझी. लेखात दुरुस्ती केली आहे, आभार. पण हेच साध्या शब्दांत सांगितलं असतं तर काही बिघडलं असतं का?

आता पंखा. आहे माझ्याकडे, नाकारत नाही. पण त्याआधीची 11 वर्षं मी वराहपालन केंद्रावर काढली आहेत. रात्रपाळीत अडलेल्या मादीची पिल्लं हात घालून बाहेर काढली आहेत, आणि तो वास अंगावरून दोन-दोन दिवस जात नाही हे मला कुणी शिकवायला नको. शिवाय डुकराला घाम जवळजवळ येत नाही. नुसत्या वाऱ्याने त्याचं फारसं भागत नाही, अंग ओलं व्हावं लागतं, म्हणूनच ते चिखलात लोळतं. तेव्हा डुकरांच्या चर्चेत पंख्याचा दाखला जरा जपून द्यावा.

आणि ते तुमचं वजन. फार दिवस सतत ताण राहिला की वाढ मंदावते, हे मान्य. पण म्हणून वाढ होतेय म्हणजे ताण नाही, हे कुठून आलं? ताप आला की भूक मरते, म्हणून जेवणारा प्रत्येक माणूस ठणठणीत ठरतो काय? वजन ठरतं जातीवर आणि खाद्यावर. पिएट्रेन जातीचं उदाहरण घ्या. मांसल पुठ्ठे, चरबी कमी, तराजूवर बघत राहावं असं जनावर. त्यातल्या पुष्कळ डुकरांत एक जनुकीय दोष होता. गाडीत चढवलं, अनोळखी डुकरांत सोडलं किंवा ऊन लागलं की स्नायू ताठ होत, अंग भट्टीसारखं तापे आणि डुक्कर वाटेतच मरे. कापल्यावर मांसही फिकट, पाणी सुटणारं. 1991 मध्ये तो दोष नेमका सापडला: स्नायूंतल्या कॅल्शियमवर ताबा ठेवणाऱ्या जनुकातला बदल. त्याआधी पिल्लांना हॅलोथेन हे भुलीचं औषध हुंगवून, पाय कुणाचे ताठतात ते बघून निवड करत. तुमच्या तराजूने ही जनावरं सगळ्यांत सुखी ठरली असती.

गाभण मादीचं तर वजन फार वाढू नये म्हणूनच खाद्य मोजून देतात. तिचं खाणं काही मिनिटांत आटपतं. उरलेला दिवस ती गज चावते, नाहीतर तोंडात काही नसताना फेस येईतो चघळत बसते. एडिनबरातल्या मोकळ्या आवारात सोडलेल्या पाळीव डुकरांची निरीक्षणं 1989 मध्ये प्रसिद्ध झाली. रोज खाद्य मिळत असूनही त्यांचा दिवसाचा सुमारे निम्मा वेळ माती उकरण्यात आणि चरण्यात जात होता. ती ओढ पोट भरल्याने जात नाही. लोखंडावर दात घासल्याचा आवाज ऐकत मी स्वतः वहीत ‘सर्व ठीक’ असं वर्षानुवर्षं लिहिलंय, कारण वजनं ठरल्याप्रमाणे होती. म्हणजे तुमचं हे वाक्य तुमच्याआधी माझं होतं.

एका रात्री विण्याच्या बेतातली एक मादी सिमेंटवर पुढचे पाय घासत होती. विण्याच्या साधारण दिवसभर आधीपासून त्या घरटं रचू पाहतात. पेंढा असो वा नसो, शरीर ते करायला लावतंच. मी दोन रिकाम्या गोण्या टाकल्या. तिने त्या ओढल्या, फाडल्या, पोटाखाली सारल्या, मग आडवी झाली. सकाळी त्या चिंध्यांनी खालची गटारं तुंबली म्हणून मी मालकाच्या शिव्या खाल्ल्या. वहीत अर्थातच तिचं वजन तेवढंच.

मादी आडवी होताना तिच्याखाली पिल्लं चिरडण्याचा मुद्दा मला ठाऊक नाही, हे तुम्ही परस्पर ठरवून टाकलंत. ठरवा. त्यावर इथे वाद घालत बसत नाही. डुकरं एकमेकांच्या शेपट्या चावतात म्हणून त्या कापतात; त्याचं म्हणाल तर स्वीडन आणि फिनलंडमध्ये न कापता सांभाळतात, शंभर नव्हे, लाखोंनी. विषय संपला.

उत्तर द्यायचं असेल तर नावानिशी द्या. आणि ‘अश्रू’ हा शब्द माझ्या लेखात नेमका कुठे आहे, तेवढं दाखवा. मी दोनदा शोधला.