हेनी पोर्टेनचा नकार

आज सकाळी एका परिचित गृहस्थांनी मार्लेन डीट्रिश या पुढे हॉलिवूडला गेलेल्या जर्मन नटीचे छायाचित्र टाकून खाली लिहिले, ‘जर्मन चित्रपटाची पहिली तारका’. कौतुकाची रांग लागली आणि एकालाही त्यात काही खटकले नाही. मला खटकले, म्हणून हे लिहीत आहे. डीट्रिशचे नाव जगभर गाजले ते १९३० मध्ये. मूकपटांच्या काळातली जर्मन नटी हेनी पोर्टेन १९०६ पासून कॅमेऱ्यासमोर उभी होती, आणि शाळकरी वयातली डीट्रिश स्वतः तिची निस्सीम चाहती होती.

ओस्कर मेस्टर या बर्लिनच्या निर्मात्याकडे पोर्टेनने सुरुवात केली ती ध्वनिमुद्रिकेवर वाजणाऱ्या गाण्यांना ओठ जुळवण्याच्या कामापासून. १९११ मध्ये बहीण रोझाने लिहिलेल्या कथेत तिने आंधळ्या मुलीची भूमिका केली आणि प्रेक्षकांनी तिला डोक्यावर घेतले. पहिल्या महायुद्धात दिग्दर्शक पती कुर्ट स्टार्क मारला गेला, तरी तिचे काम थांबले नाही.

काही वर्षांपूर्वी पुण्यातील एका चित्रपट मंडळात मी दिग्दर्शक एर्न्स्ट लुबिचचा १९२० मधील ‘कोलहीझेलच्या मुली’ पाहिला. नाजूक धाकटी ग्रेटेल आणि रांगडी, दणकट थोरली लीझेल अशा दोन बहिणी त्यात आहेत. शेजारी बसलेले एक आजोबा मध्येच वळून म्हणाले, ‘धाकटी ठीक आहे हो, पण ती थोरली कोण? ती खरी नटी.’ दोघीही एकच, म्हणजे पोर्टेनच आहे, असे सांगितल्यावर ते माझ्याकडे अविश्वासाने पाहत राहिले. त्याच वर्षी ती लुबिचकडेच इंग्लंडची राणी ॲन बोलीन झाली, आणि पुढच्या वर्षी ‘मागचा जिना’ या चित्रपटात एक साधी मोलकरीण. लीझेलवर खदखदून हसलेल्या त्या आजोबांना ही मोलकरीण दाखवायला हवी होती, असे मला अजून वाटते.

पण माझा राग केवळ अभिनयाच्या विस्मरणाबद्दल नाही. १९२१ मध्ये तिने विल्हेल्म फॉन काउफमान या ज्यू डॉक्टरशी लग्न केले. नाझी सत्तेवर आल्यावर घटस्फोट घे, असा दबाव तिच्यावर आला आणि तिने नकार दिला. परिणाम व्हायचा तोच झाला. देशातील सर्वांत लाडकी नटी किरकोळ कामांवर आली आणि देश सोडण्याची परवानगीही तिला मिळाली नाही. या नकाराची किंमत किती असू शकत होती, हे योआखिम गॉट्शाल्ककडे पाहिले की कळते. त्या नटानेही ज्यू पत्नीला सोडले नाही आणि १९४१ मध्ये पत्नी व मुलासह त्याने जीव दिला. आपण मात्र धैर्य मोजताना फक्त जहाजात बसून देश सोडून गेलेल्यांची नावे घेतो!

डीट्रिशनेही नाझींना ठाम नकार दिला, हे मान्य. पोर्टेन १९४४ मध्ये ‘बुखहोल्झ कुटुंबा’त झळकली आणि असे करमणुकीचे चित्रपट त्या राजवटीच्या सोयीचेच होते, हेही मान्य करतो, नाइलाजाने.

मात्र इतके लिहून झाल्यावर त्या गृहस्थांवरचा राग थोडा ओसरला आहे. आजोबांनाही नाव ठाऊक नव्हते. तरी त्यांनी पडद्याकडे नीट पाहिले आणि ‘ती कोण’ असे विचारले. मला तेवढेही पुरते. तिच्या देशाने तरी काय केले? युद्धानंतर पश्चिम जर्मनीत काम मिळेनासे झाले, म्हणून तिने पूर्व जर्मनीच्या डेफा या सरकारी चित्रपटसंस्थेत दोन चित्रपट केले, १९५४ मध्ये सर्कशीच्या मालकिणीची भूमिका आणि १९५५ मध्ये ‘फ्रॉयलाइन फॉन स्कुडेरी’, तर पश्चिमेकडच्यांनी त्यावरूनही तिला बोल लावला. १९६० मध्ये बर्लिनमध्ये तिचे निधन झाले. डेफाचे ते दोन्ही चित्रपट मला पाहायला मिळालेले नाहीत. कोणाकडे त्यांची बरी प्रत असल्यास कृपया कळवा.